बारबरा नावाची रनाळ्याची पोर

रनाळ्याच्या पेठेत चुनीलाल शेठचं कापडाचं दुकान होतं. माणूस व्यवहाराला चोख, पण एक खोड भारी वाईट. मन भरून आलं की ते समोरच्याला काहीही कबूल करून बसत. एकदा कुणाच्या लग्नात डाळबाटी आवडली म्हणून त्यांनी आचाऱ्याला आपली नवी छत्री देऊन टाकली आणि ओलेचिंब होऊन घरी आल्यावर आईच्या, म्हणजे झमकूबाईच्या, शिव्या खाल्ल्या. थोरल्या मुलीचं नाव बारबरा पडलं तेही ह्या खोडीपायीच.

साल १९१३. शेठाणी बदामबाई पहिलटकरीण. बाळंतपण माहेरी, नवापूरला व्हायचं ठरलं होतं. चुनीलाल त्यांना घेऊन नंदुरबारहून सुरतेच्या गाडीत बसले. खांडबारा गेलं आणि बदामबाईंनी नवऱ्याचा दंड असा आवळला की त्यांना वाटलं डब्यात चोर शिरला. डब्याच्या कोपऱ्यात एक धिप्पाड गोवेकरीण नर्स केळी खात बसली होती. सुरतेच्या दवाखान्यात नोकरीवर निघालेली. तिने एक नजर टाकली, अर्धं खाल्लेलं केळं चुनीलालच्या हातात कोंबलं, बाप्या माणसांना डब्याच्या दुसऱ्या टोकाला हाकललं आणि दोन लुगड्यांचा आडोसा केला. चिंचपाडा यायच्या आत मुलगी झाली.

चुनीलाल केळं हातात धरून रडत होते. मन काठोकाठ भरलं होतं.

"बाई, तुमचं नाव काय?"

"बार्बरा."

"मग हिचंही तेच! चुनीलालचा शब्द आहे!"

नर्स खो खो हसली. तेवढ्यात चुनीलालच्या डोक्यात व्यापारी जागा झाला. माल घेतला खरा, पण आहे काय ते विचारलंच नाही. "पण बाई, ह्या नावाचा अर्थ काय हो?"

नर्सने तोंड उघडलं आणि त्याच क्षणी इंजिनाने चिंचपाड्याची शिट्टी दिली. लांबलचक. चुनीलालना फक्त तिचे ओठ हललेले दिसले. मग तिने आपल्या तोंडाकडे बोट केलं, मग कानाकडे, मग मान हलवून हसली. शिट्टी थांबली तोवर ती केळ्याचं उरलेलं टोक मागत होती. दुसऱ्यांदा विचारायला चुनीलालना संकोच वाटला. हसली म्हणजे अर्थ शुभच असणार, अशी त्यांनी मनाची समजूत घातली.

घरी झमकूबाईंनी आकाशपाताळ एक केलं. "आमच्या सात पिढ्यांत सोहन झाल्या, बदाम झाल्या, केसर झाल्या. हे काय नाव की दाराची कडी वाजवल्याचा आवाज?" जोशीबुवांना बोलावलं. त्यांनी पंचांग मांडलं, बोटं मोजली, आणि मुलीची रास वृषभ निघाली. अक्षरं ब, व, उ. "ब चालतं," जोशीबुवा म्हणाले. "पुढचं माझ्याकडे नाही." झमकूबाईंनी जोशीबुवांना त्या दिवशी दक्षिणेत साखर दिली नाही, नुसता गूळ दिला.

त्यांना स्वतःला ते नाव कधी उच्चारता आलं नाही. आठवडाभर त्या बाबरी, बरबटी, बाराखडी असं काहीबाही म्हणून पाहत होत्या. शेवटी 'बरफी'वर जीभ स्थिरावली आणि घरात तेच चालू झालं. पेठेत मात्र वेगळाच घोटाळा. शेतकरी दुकानात यायचे, पाळण्यात डोकवायचे आणि विचारायचे, "शेठ, तुन्ही पोरनं नाव काय शे?"

"बारबरा."

"बारा बरा? मंग तेरा कसा शे?"

कुणी समजलं की ही चुनीलालची बारावी मुलगी. एका म्हातारीने तर अकरा पोरी कुठे गेल्या म्हणून पदराने डोळे पुसले आणि बदामबाईंना जवळ घेतलं. बदामबाईंनी समजावून सांगायचा प्रयत्न केला, पण म्हातारी इतकी छान रडत होती की त्याही थोड्या रडल्या.

अर्थ विचारणारे काही कमी नव्हते. चुनीलाल गिऱ्हाईक बघून अर्थ सांगू लागले. कुणब्याला सांगत, गोव्याकडे लक्ष्मीला बारबरा म्हणतात. शिंप्याला सांगत, फार तलम कापडाचं नाव आहे, इकडे येत नाही. सगळ्यात मोठी उडी त्यांनी मारली ती चातुर्मासात. जैन साध्वीजी गावात आल्या होत्या. त्यांनी पोरीचं नाव विचारलं, झमकूबाईंनी तोंड लपवलं, आणि चुनीलाल म्हणाले, "महाराज, श्रावकाची बारा व्रतं असतात ना? बारा व्रत, बाराव्रता, बारबरा."

साध्वीजी म्हणाल्या, "असं धर्माचं नाव मी आजवर ऐकलं नाही." दुसऱ्या दिवशीच्या व्याख्यानात त्यांनी ह्या घराचा दाखला दिला. झमकूबाई व्याख्यानाहून परतल्या त्या पेठेच्या मधोमध चालत, आणि वाटेत भेटेल त्याला सांगत, "नाव मीच सुचवलं."

बारबरा तीन वर्षांची झाली तरी बोलेना. झमकूबाईंनी तिच्या जिभेला मध लावून पाहिला, देवाला नारळ बोलून पाहिला. मग एके दिवशी ती बोलली, आणि पुढची कित्येक वर्षं झोपेचा वेळ सोडला तर थांबली नाही. अडचण वेगळी होती. घरात मारवाडी, आजोळी गुजराती, गल्लीत अहिराणी, आणि शाळेच्या ओट्यावर बसून ऐकलेली पुस्तकी मराठी. त्यात भर रूपलीबाईची. रूपलीबाई सातपुड्यातली. नवऱ्याबरोबर शेतमजुरीला खाली उतरली आणि पुढे चुनीलालच्या घरी सरपण आणि पाण्याच्या कामाला राहिली. तिची भिलीही पोरीने उचलली. बारबराच्या डोक्यात ह्या सगळ्या भाषांचं मिळून एकच गाठोडं होतं. हाताला येईल तो शब्द ती काढायची. बोलणं झरझर, हातवारे मोठे, आणि तिला स्वतःला पक्की खात्री की आपण अगदी सरळ बोलतोय. ऐकणाऱ्याला मात्र त्यातलं पावशेरच कळायचं. पूर्ण वाक्य समजून घ्यायचं तर चार माणसं गोळा करावी लागत.

गोऱ्ह्याच्या प्रकरणात हे सिद्ध झालं. बारबरा सहा-सात वर्षांची असेल. दुपारची वेळ, चुनीलाल दुकानातच गादीवर घोरत होते. पोरगी धापा टाकत घरात आली आणि ओरडली, "दोडो, दोडो! दुकानमां गोऱ्हा घुसना, चूनडी—" आणि पुढचा शब्द भिलीतला.

झमकूबाईंना फक्त 'चूनडी' कळली. "दिवाळीला घेऊ हं," त्या म्हणाल्या. नवापूरच्या बदामबाईंना 'दोडो' कळलं. "दौडायचं तर अंगणात दौड, पडशील." शेजारीण निंबाबाईला 'गोऱ्हा घुसना' कळलं, ती काठी घेऊन आपल्याच परसात गोऱ्हा शोधत फिरली. आणि रूपलीबाईला शेवटचा शब्द कळला, तो खाण्याचा होता. तिने पोरीच्या हातात ज्वारीच्या भाकरीचा तुकडा दिला.

बारबरा भाकर चावत पुन्हा पहिल्यापासून सांगू लागली. चौघींचं मिळून वाक्य तयार होईपर्यंत गोऱ्ह्याने एक बांधणीची चूनडी निम्मी खाल्ली होती, आणि दुसरी शिंगांत अडकवून तो भर पेठेतून निघाला होता. लाल चूनडी डोक्यावरून पाठीपर्यंत अशी काही बसली होती की लोकांना वाटलं कुणी नवस फेडतंय. एकाने कुंकू लावलं. चुनीलाल जागे झाले ते बाहेर वाजणाऱ्या हलगीने.

त्या दिवसानंतर झमकूबाईंनी नातीला बजावलं, "बरफी, बोलायचं तर एका वेळी एकच भाषा."

"हो दादीसा," बारबरा म्हणाली, आणि ते 'हो' सुद्धा त्यांना पटकन कळलं नाही.

सोळा-सतराची झाली तेव्हा शहाद्याच्या फुलचंद शेठकडून विचारणा आली. मुलगा भीकमचंद, शांत, नाकीडोळी नीटस. फुलचंद शेठ एवढे लठ्ठ की त्यांना बैलगाडीतून उतरवायला दोघे आणि गाडी मागे उलटू नये म्हणून पुढे जोखडावर एक, असे तिघे लागत. त्यांच्याबरोबर मुलाचे मामा हुकमीचंदजी आले होते. ते काही वर्षं धुळ्यात राहून संस्कृत शिकले होते आणि ते विसरू नये म्हणून सारखं कुणावर तरी वापरत असत.

झमकूबाईंनी चोख बंदोबस्त केला होता. पोरीने तोंड उघडू नये म्हणून तिच्या गालात लिंबाएवढा खडीसाखरेचा खडा ठेवला. "हा विरघळेपर्यंत ते लोक जातील," त्यांनी हिशेब केला होता. बारबरा घुंघट ओढून बसली. एक गाल फुगलेला.

"मुलीचं नाव?" हुकमीचंदजींनी विचारलं.

"बारबरा," चुनीलाल म्हणाले आणि लगेच बारा व्रतं सांगायला सुरुवात केली. पाचव्या व्रतापर्यंत आले असतील.

"थांबा," हुकमीचंदजींनी बोट वर केलं. "व्रताचा ह्यात काही संबंध नाही. संस्कृतात शब्द आहे बर्बर. अर्थ रानटी. जंगली." त्यांनी फुलचंद शेठकडे वळून हळू पण सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं, "आपण घरात रानटी सून नेणार का?"

ओसरीवर ऐकू येत होता तो नुसता खडीसाखर चोखल्याचा आवाज.

"हे गोऱ्यांचं नाव आहे!" चुनीलाल कळवळून म्हणाले. "तुमच्या संस्कृताला काय विचारता, गोऱ्यांनाच विचारा!"

योगायोग असा की त्या दिवशी मिशनच्या दवाखान्यातली मडम गावात आली होती आणि चावडीपुढच्या लिंबाखाली बसून लोकांच्या डोळ्यांत औषध घालत होती. कुठल्याशा बर्फाच्या मुलुखातली उंच, लालबुंद बाई. मनाने देव, पण तिचं बोलणं म्हणजे संकट. मराठी ती पुस्तकातून शिकली होती, गुजराती नवापुरात, अहिराणी बाजारात, भिली डोंगरात, आणि ह्या सगळ्यावर तिचा स्वतःचा बर्फ. लोक तिच्याकडे जाऊन डोळा दाखवत, ती काय म्हणते त्याला मान डोलवत आणि औषध घालून घेत. चुनीलालनी धावत जाऊन तिला हाताला धरून आणलं. मागोमाग औषध घालून घेतलेले आणि घालून घ्यायचे राहिलेले असे सगळेच आले.

मडमने नाव ऐकलं आणि तिचा चेहरा उजळला. "ओ! ए नाव बौ जुना शे! ग्रीस करीन मुलूक होटा. टे लोक दुसरानी बोली सांभळे, टो बार, बार, बार! काय बी ना कळे!" पुढे ती पुष्कळ बोलली.

"गिरीश कोण?" फुलचंद शेठनी विचारलं.

"बार बार काय? काय पुन्हा पुन्हा?" भीकमचंद पुटपुटला. ते त्याचे त्या दिवसाचे पहिले शब्द.

"बार उडवला असं म्हणते," हुकमीचंदजी ठामपणे म्हणाले. "गिरीश नावाच्या कुणीतरी बंदुकीचे बार उडवले. रानटीच झालं ते."

मडमने पुन्हा सांगितलं, जास्त मोठ्याने. पुन्हा कुणाला काही कळलं नाही. तेवढ्यात घुंघटातून कडाड् असा आवाज आला. बारबराने खडीसाखर दाढेखाली फोडली होती. झमकूबाईंनी डोळे मिटून घेतले.

बारबराला मडमचा शब्द न् शब्द कळला होता. आयुष्यात पहिल्यांदाच कुणीतरी तिच्यासारखं सरळ बोलत होतं. आणि त्याच वेळी तिच्या हेही लक्षात आलं की आपण आत्ता काहीही सांगितलं तरी ते खरं मानलं जाईल. लक्ष्मी म्हटलं तर लक्ष्मी, मोती म्हटलं तर मोती. बापूजी घुंघटाकडे बघत डोळ्यांनी विनवत होते. पण गोष्ट तिला इतकी आवडली होती की ती जशीच्या तशी सांगितल्यावाचून तिला राहवेना. त्यातल्या त्यात एका वेळी एकच भाषा धरून, सावकाश, ती बोलू लागली.

"मडम म्हणते, लांब ग्रीस नावाचा देश होता. तिथल्या लोकांना दुसऱ्या कुणाची भाषा कळायची नाही. त्यांना ऐकू यायचं नुसतं बरबरबर. म्हणून परक्या माणसाला ते बरबर म्हणायचे. बाईमाणूस असेल तर बारबरा. म्हणजे जिचं बोलणं कुणालाच कळत नाही ती."

मग निंबाबाई म्हणाली, "माय व! हाई तं हिनंच नाव शे!" आणि सगळी पेठ हसू लागली. चुनीलालना आता कुठे उमगलं की नर्सने आधी तोंडाकडे आणि मग कानाकडे बोट का केलं होतं. ते कपाळाला हात लावून बसले.

"म्हणजे मीच बरोबर," हुकमीचंदजी म्हणाले. "परकी, रानटी, एकच."

मडम त्यांच्याकडे बोट करून दोन वाक्यं बोलली. बारबराने सांगितलं, "मडम म्हणते, ते ग्रीसवाले रनाळ्याला आले असते तर त्यांनी तुम्हालाच आधी बरबर म्हटलं असतं. मग मारवाडातून इथे आलेल्या सगळ्यांना. मग तिला स्वतःला."

"मला?" हुकमीचंदजी म्हणाले. "मी संस्कृत बोललो असतो!"

"ते तर आम्हालाही कळत नाही," फुलचंद शेठ म्हणाले.

आणि इथे झमकूबाई, ज्या आतापर्यंत मेलेल्यासारख्या बसल्या होत्या, एकदम उसळल्या. "खरं बोलते ती गोरी! मी नवी नवरी होऊन मारवाडातून इथे आले तेव्हा काय झालं माझं? सासूने लापशी करायला सांगितली. गूळ संपलेला. मी दुकानात गेले, म्हटलं मीठो दे. आपल्याकडे मीठो म्हणजे गोड. त्या मेल्याने मला मीठ दिलं! भरपूर दिलं! बाईमाणूस परदेशी आहे म्हणून मूठभर वर दिलं! ती लापशी सासऱ्यांनी पाहुण्यांच्या पंगतीत खाल्ली!" त्यांनी जमिनीवर हात आपटला. "त्या दुकानदाराला मी अजून माफ केलेलं नाही. मेला तरी."

फुलचंद शेठचं पोट आधी हललं, मग खांदे, मग ते बसले होते तो पाट. हसता हसता ते मागे रेलले आणि त्यांना सरळ करायला चौघांना धावावं लागलं. डोळे पुसत ते मुलाला म्हणाले, "भीकम, तू सांग. मुलीचं बोलणं कळलं का तुला?"

भीकमचंदने प्रामाणिकपणे विचार केला. "निम्मं कळलं."

"निम्मं!" फुलचंद शेठ म्हणाले. "माझ्या उभ्या संसारात मला पावही कळलेलं नाही. चुनीलालजी, तोंड गोड करा." मग झमकूबाईंकडे बघून घाईघाईने म्हणाले, "साखरेने."

हुकमीचंदजींनी लग्नात मंगलाष्टकं आपणच म्हणायचा हट्ट धरला आणि कुणाला काही कळलं नाही.

शहाद्याला भीकमचंदने डोंगरातल्या बाजारांचा धंदा धरला होता. तट्टांवर कापड आणि मीठ लादून तो मोलगीच्या आठवडी बाजाराला जायचा. त्याला भिली येत नसे, म्हणून बारबरा बरोबर जाऊ लागली. पहिल्याच बाजारात ती दगडावर उभी राहिली आणि तिला सांगायचं होतं की हे कापड धुतलं तरी रंग जात नाही. गाठोड्यातून शब्द निघाले ते असे की हे लुगडं नेसलं की सासू घरातून निघून जाते. डोंगरातल्या बाया एकमेकींकडे बघत राहिल्या. मग सगळ्यांनी दोन दोन लुगडी घेतली. पुढच्या बाजारात त्या तक्रार घेऊन आल्या, सासू जागची हलली नाही म्हणून. बारबराने त्यांना बसवून घेतलं, हकीकत ऐकली, आपल्या सासूची सांगितली. संध्याकाळ झाली. त्या दिवशी काहीच विकलं गेलं नाही, पण बाया खूश होऊन डोंगर चढल्या.

पुढे हेच व्हायला लागलं. लोक कापडासाठी कमी आणि शेठाणीचं बोलणं ऐकायला जास्त येत. कालीबाई नावाची एक म्हातारी तर अर्ध्या दिवसाची चाल करून यायची. तिला त्यातलं काय कळतं असं भीकमचंदने विचारलं, तर म्हणाली, काही नाही, पण बरं वाटतं.

मोलगीची रमिलाबाई बाळंत झाली. डोंगरात तेव्हा ज्या वारी पोर जन्मेल त्या वाराचं नाव ठेवत. सोमवारची सोमी, मंगळवारची मंगली. रमिलाबाईची पोर मंगळवारची होती आणि घरात आधीच दोन मंगल्या होत्या, एक हाक मारली की दोघी यायच्या. रमिलाबाईने नवऱ्याला सांगितलं, हिचं नाव बारबरा. जामसिंगने विचारलं, तो कुठला वार? रमिलाबाईला ते माहीत नव्हतं. ती म्हणाली, बाजारचा.

चाळीस साल उजाडलं असेल, तेव्हा ती पोर पाच-सहा वर्षांची झाली आणि रमिलाबाई तिला बाजारात घेऊन आली. थोरल्या बारबराला कोण आनंद! आपलं नाव दुसऱ्या कुणाला लागलेलं ती पहिल्यांदाच बघत होती. तिने पोरीला मांडीवर घेतलं, हातात गुळाचा खडा दिला आणि सुरू झाली. गोऱ्ह्याची गोष्ट सांगितली, मडमची सांगितली, आजीच्या लापशीची सांगितली. पोर टकमक बघत होती. भीकमचंदने दिवसभर हातवारे करून दुकान चालवलं आणि त्यात चुकून एक तट्टूही विकलं.

उतरणीला लागल्यावर, उरलेल्या तट्टाचा लगाम धरून तो म्हणाला, "एवढा वेळ बसलीस. पोरगी काय म्हणाली?"

"एक अक्षर नाही."

"मग?"

"ऐकत होती," बारबरा म्हणाली. तिने पदराला चिकटलेला गूळ पुसला. मग म्हणाली, "पुढच्या बाजारला लवकर निघू या. माझं अजून निम्मंसुद्धा सांगून झालेलं नाही."